पापणीचं शेवटचं अक्षर

तपासणी

"मिटा," डॉक्टरीणबाई म्हणाल्या, आणि ताईनं डोळे मिटले.

मिटले कसले, आवळले. भुवया खाली आल्या, गाल वर गेले, नाकावर सुरकुत्यांचं जाळं पडलं आणि ओठ दाबून ती तशीच बसून राहिली, वर्गात बाई "शाबास" म्हणेपर्यंत हाताची घडी न सोडणाऱ्या मुलीसारखी. डॉक्टरीणबाईंनी टॉर्चचा उजेड पापणीच्या कडेवरून फिरवला. उजव्या डोळ्याच्या वरच्या पापणीवर पांढुरका आडवा वण होता. तिथली कातडी घाईत शिवलेल्या कापडासारखी वर ओढली गेली होती. पण कड कडेला टेकली होती, हे खरं.

"छान. उघडा. काही त्रास?"

"नाही हो. मागच्या वेळेपेक्षा बरंच बरं आहे."

दर वेळी मागच्या वेळेपेक्षा बरंच बरं. हा हिशेब खरा असता, तर ताईचा डोळा एव्हाना जन्माला येताना होता त्याहून चांगला झाला असता.

डॉक्टरीणबाई संगणकाकडे वळल्या. दाराबाहेर रांग होती, रांगेत खोकला होता, कुणाचं तरी लेकरू खुर्चीच्या दांडीवर किल्ली आपटत होतं. बाईंची बोटं कळांवर पडत होती आणि शेजारच्या स्टुलावर, ताईची पिशवी मांडीवर घेऊन बसलेल्या भावाला पडदा न बघताही कळत होतं की काय लिहिलं जातंय. सुधारणा आहे. डोळा पूर्ण मिटतो. थेंब चालू ठेवा. पुन्हा दाखवा.

तो काही बोलला नाही. न बोलणं हाच त्याचा धंदा होता.


धंदा

हा धंदा काय ते सांगितल्याशिवाय पुढचं कळायचं नाही, आणि सांगूनही त्याच्या सासऱ्यांना अजून कळलेलं नाही. त्यांच्या मते जावई "दवाखान्याच्या कॉम्प्युटरवर" असतो, म्हणून त्यांचा मोबाइल बिघडला की त्याला बोलावणं येतं.

तर असं आहे. माणूस आजारी पडतो, डॉक्टर त्याबद्दल चार ओळी लिहितात. त्या चार ओळी विमावाले वाचत नाहीत, त्यांना वेळ नसतो. त्यांना लागतो कोड. म्हणून मध्ये एक कचेरी असते, तिथे लांबच लांब टेबलांवर माणसं बसतात आणि चार ओळींचा कोड करतात. पापणी फाटली, ह्याला कोड आहे. उजवी की डावी, ह्याला त्यात जागा आहे. आत काही अडकून राहिलं का, ह्यालाही आहे. आणि सगळ्यांत शेवटी एक अक्षर. त्या अक्षराला कचेरीत शेपूट म्हणतात.

शेपटं तीन. एक, इलाज आत्ता चालू आहे. दोन, इलाज झाला, आता जखम भरते आहे. तीन, भरायचं ते भरून झालं आणि तरी मागे काहीतरी राहिलं. कचेरीच्या भाषेत चालू, भरतंय, उरलं. नवी पोरं दुसऱ्या आणि तिसऱ्यात हमखास घोळ घालतात. वण असला तरी "भरतंय", माणूस लंगडत असला तरी "भरतंय". असे घोळ पकडण्यात त्याचा हात धरणारा कुणी नव्हता, म्हणून कचेरीत त्याचंच नाव शेपूट पडलं होतं. "शेपूट कुठाय?" "चहा प्यायला गेलंय." अशी वाक्यं तिथे कुणाला विचित्र वाटत नसत.

दोन नियम. पहिला, डॉक्टरांनी लिहिलंय तेच. आपल्याला काय वाटतं, काय माहीत आहे, काय उघड दिसतंय, त्याला किंमत शून्य. दुसरा, डॉक्टरांचं लिहिणं अर्धवट वाटलं तर त्यांना विचारता येतं, पण उत्तर त्यांच्या तोंडात कोंबायचं नाही. "जखम भरून त्याचा परिणाम उरला आहे ना?" असं विचारलं तर नोकरी जाऊ शकते. "जखमेची सध्याची स्थिती कृपया स्पष्ट करावी," असं विचारायचं.

माणूस एकच काम वर्षानुवर्षं करतो तेव्हा काम कचेरीत राहत नाही, पाठीवर बसून घरी येतं. त्याच्या बायकोचं गाऱ्हाणं हेच होतं. "माझं तोंड फुगलेलं असलं तर दुसरा नवरा विचारील, रागावलीस का? हा विचारतो, काय परिस्थिती आहे?"


इतिहास

ताई लाँड्रीत कामाला होती. इस्त्रीच्या टेबलामागे छताला लोखंडी दांडी, दांडीला कपडे, प्रत्येक कपड्याला तारेचा हँगर. एका दुपारी दांडीचा एक खिळा सुटला. दांडी खाली आली नाही, नुसती कलली, आणि सगळे कोट घसरगुंडीवरून यावेत तसे एका बाजूला आले. ताईनं काय करावं? बाजूला व्हावं. ती कोट धरायला पुढे गेली. इस्त्री झालेले होते ना ते.

हँगरचा आकडा पापणीत अडकला.

टाके घातले, टाके काढले, सूज उतरली. सगळे म्हणाले, डोळा वाचला, नशीब. आणि खरंच वाचला होता. मग महिन्यामहिन्यानं वण आकसत गेला आणि त्यानं पापणीला आपल्याबरोबर वर ओढलं. इतकं थोडं की समोर बसणाऱ्याला वाटावं, ही बाई एका डोळ्यानं जरा आश्चर्य करते आहे.

आणखी थोडा इतिहास. आई गेली तेव्हा तो शाळेत जायच्याही वयाचा नव्हता. त्याला न्हाऊमाखू घालणं, त्याच्या वह्यांना कव्हरं घालणं, तापात उशाशी बसणं, पुढे त्याच्यासाठी मुलगी बघायला जाणं, सगळं ताईनं केलं. स्वतःचं राहून गेलं, आणि राहून गेलं असं तिच्यासमोर कुणी म्हटलं की ती म्हणे, "गेलं ते बरं झालं, एक कटकट वाचली." आता ती त्यांच्याकडेच राहायची. केस पांढरे झाले तरी घरात त्याचं नाव बाळ्याच होतं. बायको तिला वन्सं म्हणायची, आधी थट्टेनं, मग सवयीनं.


तक्रार

नाही.


जे कुठेही लिहिलेलं नाही

ताईची पाळी दुपारी सुटायची. घरी येऊन, हातपाय धुऊन ती बाहेरच्या खोलीतल्या सोफ्यावर पाय पोटाशी घेऊन पडे आणि पडल्या पडल्या झोपे. दिवसभर वाफेत उभ्या राहिलेल्या माणसाची झोप ती, तिला गादी लागत नाही.

डावा डोळा मिटलेला असायचा. उजवा नसायचा. खालच्या बाजूला एक पांढरी फट राहायची, नखाच्या चंद्राएवढी, आणि त्या फटीत बुबुळाची खालची कड कधी दिसे, कधी आत जाई. खिडकीतून ऊन आलं की ती फट चकाके. पहिल्यांदा पाहिलं तेव्हा त्याला वाटलं, ती जागी आहे. तो म्हणाला, "ताई, चहा टाकू?" उत्तर आलं नाही. श्वास संथ चालला होता.

त्यानं खिडकीचा पडदा ओढला. नंतर रोज ओढू लागला. सुट्टीच्या दिवशी तो, बाकीच्या दिवशी बायको. बायकोनं एकदा विचारलं, वन्संना सांगायचं का? तो म्हणाला, डॉक्टर बघताहेत ना. डॉक्टर काही म्हणाल्या तर सांगू.

डॉक्टर काही म्हणत नव्हत्या, कारण डॉक्टरांसमोर डोळा मिटत होता. ताई काही म्हणत नव्हती, कारण स्वतःचा मिटलेला डोळा बघता येईल असा आरसा कुणी केलेला नाही. आणि तो काही म्हणत नव्हता, कारण लिहिलेलं नव्हतं. असा हा तिघांचा कारभार सुरळीत चालला होता, आणि मधल्या मध्ये डोळा वाळत होता.


तपासणी, पुढची

पुढच्या खेपेला डॉक्टरीणबाईंनी डोळ्यात पिवळा थेंब टाकला, निळा उजेड लावला आणि पापणी बोटानं वर धरून पाहिलं. मग म्हणाल्या की बुबुळावर खालच्या बाजूला डाग आहे, कोरडा पडून खरवडल्यासारखा. थेंब नीट घालता ना, असं त्यांनी दोनदा विचारलं. दुसऱ्यांदा विचारताना आवाजात संशय होता. ताई ओशाळली, जशी काही तिनंच डाग पाडला होता.

हे असंच राहिलं तर नजर जाते, असं त्यांनी सांगितलं. हळूहळू जाते, पण जाते, आणि गेलेली परत येत नाही. वणाची कातडी सोडवून तिथे नवी कातडी लावली तर पापणी लांब होईल. त्यांनी विमावाल्यांकडे मंजुरी मागितली.

मंजुरी नाकारली गेली. निरोप फोनवर आला. ताईनं तो स्पीकरवर ठेवून ऐकला. गोड आवाजाच्या मुलीनं सांगितलं की आजवरच्या सर्व नोंदींनुसार जखम भरण्याच्या मार्गावर आहे आणि डोळा पूर्ण मिटतो आहे, तेव्हा शस्त्रक्रियेची गरज दिसत नाही. मग तिनं विचारलं, आणखी काही मदत करू शकते का?

"नाही, नाही, आभारी आहे," ताई म्हणाली. फोन ठेवून म्हणाली, "बोलली किती छान."


काकू

ताईचा दवाखाना त्याच्याच कचेरीकडे येणाऱ्यांपैकी होता. नात्यातल्या माणसाचा कागद समोर आला तर तो न वाचता पुढे सारायचा, हा नियम तो डोळ्यांत तेल घालून पाळत आला होता. तो सारलेला कागद कुणाकडे जातो हेही त्यानं कधी विचारलं नव्हतं. पण शेपटं लावणारी अनुभवी माणसं कचेरीत मोजकीच, आणि शेजारच्या टेबलावर काकू बसायच्या.

काकू निवृत्तीला आलेल्या. पायाखाली उलटी बादली ठेवून त्यावर सुजलेले पाय ठेवायच्या आणि दोन बोटांनी टंकायच्या, पण त्या दोन बोटांतून चूक बाहेर पडलेली कुणी पाहिली नव्हती.

त्यानं दिवसभर विचारलं नाही. सुटायच्या वेळी, खुर्च्या सरकवण्याच्या आवाजात, विचारलं. आणि विचारलं ते कोड्यात. समजा, म्हणाला, पापणीची जुनी केस आहे. वण आकसलाय, बुबुळावर डाग आहे. त्याला कुणी "भरतंय" लावलं, तर लावणाऱ्याला काय म्हणावं?

काकूंनी चष्मा काढला आणि पदराऐवजी टेबल पुसायच्या फडक्यानंच पुसला.

"मला गाढव म्हणायचं असेल तर सरळ म्हण रे. मीच लावलं. तुझ्या बहिणीची केस आहे हे मला ठाऊक आहे, आणि मला ठाऊक आहे हे तुला ठाऊक नव्हतं असं समजून आपण बोलू." मग आवाज खाली आणून त्या म्हणाल्या, "प्रत्येक नोंदीत सुधारणा. प्रत्येक नोंदीत डोळा पूर्ण मिटतो. मी प्रश्नसुद्धा पाठवला होता, सध्याची स्थिती स्पष्ट करावी म्हणून. उत्तर आलं, सुधारणा आहे. तू माझ्या खुर्चीत असतास तर कुठलं शेपूट लावलं असतंस?"

तो उभा होता. डब्याची पिशवी खांद्यावरून घसरली ती त्यानं सावरली.

"तेच," तो म्हणाला.

"मग?" काकू म्हणाल्या. "घोळ इथं नाही. इथं सगळं बिनचूक आहे."


विचारायला परवानगी असलेले प्रश्न

सध्याची स्थिती काय आहे?
ही स्थिती केव्हापासून आहे?
मागील इजेशी तिचा संबंध असल्यास तो स्पष्ट करावा.


परवानगी नसलेलं वाक्य

तो घरी आला तेव्हा ताई सोफ्यावर बसून वाळलेल्या कपड्यांच्या घड्या घालत होती. लाँड्रीत दिवसभर घड्या, घरी आल्यावर घड्या. तिला कितीदा सांगितलं, पण तिच्या मते ह्या घड्या वेगळ्या, ह्यांत आपली माणसं होती. बायको स्वयंपाकघरात होती. तिथला नळ बंद झाला, म्हणजे तिचे कान इकडे होते.

त्यानं बूटही काढले नाहीत.

"ताई, तुझा डोळा झोपेत मिटत नाही."

ताईनं त्याच्या बनियनची घडी पुरी केली. "मिटतो की. न मिटता झोप कशी लागेल?"

"थोडा उघडा राहतो. फट राहते. आतलं पांढरं दिसतं."

"कुणाला दिसतं?"

"मला. हिलाही."

स्वयंपाकघरात एक भांडं कुणाचाही हात न लागल्यासारखं हळूच ओट्यावर ठेवलं गेलं.

"कधीपासून?"

"वण आवळला तेव्हापासून. वर्ष झालं असेल. जास्तच."

ताई बघत राहिली. तो डोळा तसाही आश्चर्य केल्यासारखा दिसायचा, आता दुसराही तसाच दिसू लागला.

"आणि तू मला आज सांगतोयस."

"डॉक्टरांनी लिहिलं नव्हतं."

हे वाक्य तोंडातून बाहेर पडल्यावर त्यालाच ते परक्याचं वाटलं. कचेरीत ते शंभरदा बोललं जायचं आणि तिथे त्याला वजन असायचं. इथे, घड्या घातलेल्या टॉवेलांच्या ढिगापाशी, ते नुसतंच जमिनीवर पडलं.

"बाळ्या," ताई म्हणाली, "डॉक्टर काय माझ्याशेजारी झोपायला येतात का रे?"

स्वयंपाकघरातून हसू फुटलं आणि लगेच दाबलं गेलं. ताई हसली नाही. उठून न्हाणीघरात गेली. दार उघडंच होतं. आरशासमोर उभी राहून तिनं डोळे मिटले, उघडले. पुन्हा मिटले, पटकन उघडले, चोर पकडावा तसे. मग उजवा मिटून डाव्यानं बघायचा प्रयत्न केला, पण मिटायला गेलं की तो आवळलाच जाई. परत आली तेव्हा थकलेली होती.

"कळत नाही आरशात."

"नाही कळायचं."

"तू बघ." ती त्याच्या समोर बसली आणि डोळे सैल मिटले.

इतक्या जवळून त्यानं कधी पाहिलं नव्हतं. पापणी खाली आली, वणापाशी अडखळली आणि तिथेच थांबली. खाली ओलसर पांढरी फट. त्या फटीतून बहीण त्याच्याकडे बघत नव्हती.

"उघडा आहे."

"आता?" तिनं आवळले. भुवया, गाल, ओठ.

"आता मिटला."

ती तशीच आवळून बसली. मग सगळं सोडून दिलं आणि मांडीवरच्या टॉवेलची झालेली घडी उलगडून पुन्हा घातली.

"मला वाटायचं, मिटणं म्हणजे असंच असतं," ती म्हणाली. "जोर लावावाच लागतो. आधी कसे मिटत होते, ते विसरलेच बघ मी."

त्या संध्याकाळी ती त्याच्याशी बोलली नाही. बायकोशी बोलली, शेजारणीशी दारात उभी राहून बोलली, पाणी किती वेळ येणार ह्यावर तर सविस्तर बोलली. त्याच्या पानात भाजी वाढली ती पळी आपटून. झोपायच्या आधी बायको त्याला म्हणाली, राग आलाय तो डोळ्याचा नाही. सगळ्या घराला दिसत होतं आणि वन्संच आंधळ्यासारख्या "बरंय, बरंय" करत होत्या, त्याचा आहे.

"काय परिस्थिती आहे, विचारू का सकाळी?" तो म्हणाला.

"विचारून बघ," बायको म्हणाली, "पळी अजून तिथेच आहे."


तपासणी, शेवटची

ताई पाळी संपवून सरळ दवाखान्यात आली. अंगाला स्टार्चचा आणि वाफेचा वास, बाहीवर कुठल्याशा सुटाचा धागा. तो तिच्याआधी येऊन रांगेत बसला होता. दोघं शेजारी बसले. तिनं पिशवी त्याच्या मांडीवर ठेवली. त्याला बरं वाटलं.

आत गेल्या गेल्या तिनंच सुरुवात केली. "डॉक्टर, मी तुम्हाला खोटं सांगत नव्हते. मला माहीतच नव्हतं." आणि सगळं सांगितलं, सोफा, फट, आरसा. सांगताना चूक आपलीच असल्यासारखा चेहरा होता. चार चांगल्या माणसांना आपल्यामुळे कामाला लागावं लागलं, ह्याचा तिला जन्मभर संकोच.

डॉक्टरीणबाई दमलेल्या होत्या. त्यांच्या स्वतःच्या डोळ्यांखाली काळं होतं. त्या म्हणाल्या की ऐकलेलं लिहिता येईल, पण तेवढ्यानं विमावाले मानणार नाहीत. डॉक्टरनं स्वतः पाहिलेलं हवं. "मिटा. अगदी सैल."

ताईनं मिटले. आवळले.

"सैल. चेहरा सोडून द्या."

आणखी आवळले. समोर डॉक्टर आहेत, तपासणी चालली आहे, आणि आपण नापास व्हायचं आहे, हे तिच्या अंगाला जमेना. काल घरी जमलं होतं. इथे भुवया आपोआप खाली येत, गाल आपोआप वर जात. बाई म्हणाल्या, श्वास सोडा. ताईनं श्वास सोडला आणि डोळे आवळले. बाई म्हणाल्या, दुसरं काही मनात आणा. ताईनं आणलं असावं, कारण कपाळावर आणखी एक आठी चढली. भावाला स्टुलावर बसवेना. बाहेर कुणीतरी दार वाजवून आपला नंबर कधी येणार असं विचारून गेलं.

"असं करा," डॉक्टरीणबाई शेवटी म्हणाल्या, "तुम्ही त्या कॉटवर जरा पडा. मी तोवर पलीकडच्या खोलीत दोन पेशंट बघून येते. मग पुन्हा बघू." त्यांनी जाताना मोठा दिवा मालवला.

ताई चपला काढून कॉटवर आडवी झाली. कॉट अरुंद, रेक्झिनची, वर कागदी चादर. "चादर चुरगळेल ना रे," ती म्हणाली. तो म्हणाला, चुरगळायलाच असते ती. तिनं पाय पोटाशी घेतले. भिंतीवर डोळ्याचं कापून दाखवलेलं चित्र होतं, ते बघत ती काहीतरी विचारणार होती, पण त्याआधीच तिचा श्वास संथ झाला.

डॉक्टरीणबाई पाऊल न वाजवता परत आल्या. दोघं कॉटपाशी वाकून उभे राहिले. डावा डोळा मिटला होता. उजव्याची फट उघडी होती आणि तिच्यात बुबुळाची कड मंद हलत होती. बाईंनी खिशातून छोटी पट्टी काढून फटीपाशी धरली आणि मान हलवली.

"मिटत नाहीये की हो," त्या पुटपुटल्या. मग त्याच्याकडे वळून, "कधीपासून असं?"

"वण आवळला तेव्हापासून."

"आणि तुम्ही इथे दर वेळी बसलेले असायचात."

त्यावर त्याच्याकडे नियम होता. तो त्यानं सांगितला नाही.

बाई संगणकापाशी गेल्या. बोटं कळांवर ठेवून थांबल्या, आणि आवाज आणखी खाली आणून म्हणाल्या, "तुमच्या बहिणीनं सांगितलं होतं, तुम्ही ह्याच कामात आहात ना? मी इतके दिवस सुधारणा लिहिलंय. आता काय लिहिलं म्हणजे ते समजतील?"

इतक्या वर्षांत कुठल्याही डॉक्टरांनी त्याला हे विचारलं नव्हतं. वाक्य त्याला पाठ होतं. हजारो कागदांवर तो ते शोधत आला होता, कुठे अर्धं मिळे, कुठे मुळीच नाही. ते आपण पुरवायचं नाही, एवढी एकच गोष्ट त्यानं आयुष्यात कसोशीनं पाळली होती. त्यानं कॉटकडे पाहिलं. बाहेर आजही कुणाचं तरी लेकरू खुर्चीवर किल्ली वाजवत होतं.

"जखम भरून संपली आहे," तो म्हणाला. "पापणी आखूड राहिली, ती त्या जखमेमुळे. त्यामुळे झोपेत डोळा उघडा राहतो आणि त्यामुळे डाग पडला आहे. हे आता आपणहून बरं होणार नाही." मग म्हणाला, "खरं असेल तर."

"खरंच आहे की."

"मग तसं लिहा."

बाई लिहू लागल्या. ह्या वेळी सावकाश, आणि ह्या वेळी त्याची नजर पडद्यावर होती. एकेक शब्द येत होता. त्याला हवं होतं तेच ते वाक्य, पण त्यात सुख नव्हतं. भरतंय म्हणत होतो तेव्हा निदान भरत तरी होतं.

"भरणार नाही का?"

दोघंही दचकले. ताई तशीच पडलेली होती, पाय पोटाशी, गाल हातावर. ती कधी जागी झाली, की झोपलीच नव्हती, हे त्या डोळ्यावरून कळायला मार्ग नव्हता. डॉक्टरीणबाईंनी भावाकडे पाहिलं. सांगायचं काम त्यांचं होतं, पण त्या थांबल्या.

"नाही, ताई," तो म्हणाला. "आपणहून नाही भरणार. कापून दुसरी कातडी लावावी लागेल."

"कुठली?"

"कानामागची. दिसत नाही तिथली."

ताईनं कानामागे बोट नेलं आणि तिथली कातडी दोन बोटांत धरून पाहिली, कापड पारखावं तशी.

"असू दे," ती म्हणाली. "तिथं आहे खरी थोडी जास्तीची." मग उठायला गेली आणि थांबली. "हात दे रे बाळ्या. पायाला मुंग्या आल्यात."